आपल्यापुरती सहल: भिगवणचे पाणी आणि जपानचा किनारा

बारामतीची एमआयडीसी भिगवण रस्त्याला लागून आहे, आणि पर्यटनाच्या दृष्टीने ही गोष्ट मोलाची आहे. पियाजिओ, फेरेरो, भारत फोर्ज अशा कारखान्यांत यंत्रे बसवायला, तपासणीला, प्रशिक्षणाला बाहेरगावचे आणि परदेशचे लोक येत असतात. त्यांचा एखादा रविवार मोकळा निघाला की यजमान विचारात पडतात, यांना दाखवायचे काय? पुणे दाखवायला न्यावे तर निम्मा दिवस रस्त्यातच जातो. भिगवणच्या दिशेने गाडी काढली तर पाऊण तासात उजनी जलाशयाचा काठ लागतो. हिवाळा असेल तर तिथे रोहित पक्ष्यांचे थवे उथळ पाण्यात चरताना दिसतात आणि होडी घेऊन नावाडी काठावर उभा असतो. पाहुणे तीन असोत की पाच, होडी त्यांची एकट्यांची. निघायचे कधी, थांबायचे कुठे, परतायचे कधी हे त्यांनी ठरवायचे.

अशा सहलीची मागणी सगळीकडे वाढते आहे. मराठी माणसाची सहल बराच काळ गटाची होती. केसरी, राजाराणी, नंतर वीणा वर्ल्ड यांनी मराठी मध्यमवर्गाला जग दाखवले. बस ठरलेली, जेवण ठरलेले, सोबतीला मराठी बोलणारा टूर मॅनेजर. त्या व्यवस्थेचे उपकार मोठे आहेत, कारण पहिल्यांदा पासपोर्ट काढणाऱ्या हजारो आई-वडिलांना तिनेच धीर दिला. पण दुसऱ्या-तिसऱ्या प्रवासाला निघालेल्या कुटुंबाला आता आपल्यापुरती सहल हवी असते. गाडी आपली, दिवस आपला आणि सोबतीला त्या गावचा जाणकार माणूस. जपानला जाणारी मराठी कुटुंबेही हे मागू लागली आहेत, आणि शनिवारी पुण्याहून भिगवणला येणारी कुटुंबेही तेच मागतात. तेव्हा या प्रश्नाचा नीट आढावा घ्यायला हवा. अशा सहलीत आपण पैसे नेमके कशाचे मोजतो, आणि बारामती-इंदापूरचा भाग ते द्यायला कितपत तयार आहे?

माझे मत आधीच सांगतो. या भागाकडे देण्यासारखे भरपूर आहे, आणि त्यातली सगळ्यांत मोलाची गोष्ट आहे वाटाड्या. आपले आराखडे, घोषणा आणि खर्च मात्र त्याला सोडून इतर सगळ्या गोष्टींकडे जातात.

उजनी धरणाची भिंत सोलापूर जिल्ह्यात माढा तालुक्यात आहे. 1980 साली धरण पूर्ण झाले आणि भीमेचे पाणी मागे पसरत इंदापूर, करमाळा, दौंड तालुक्यांत शिरले. जलाशयाला यशवंतसागर हे नाव आहे, पण इकडे सगळे त्याला ‘बॅकवॉटर’ म्हणतात. एकूण साठा सुमारे 117 टीएमसी आणि त्यातला 63 टीएमसीहून अधिक मृतसाठा. म्हणून उजनीची टक्केवारी उन्हाळ्यात ‘उणे’ जाते. 2024 च्या उन्हाळ्यात ती उणे साठच्या आसपास पोहोचली होती. पाणी असे खाली गेले की पळसदेवचे जुने पळसनाथाचे मंदिर उघडे पडते आणि लोक ते पाहायला चिखल तुडवत जातात.

या चढउतारावरच इथली पक्षीसृष्टी उभी आहे. रोहिताला खोल पाणी चालत नाही. लांब पाय आणि वाकडी चोच घेऊन तो उथळ पाण्यातला गाळ ढवळतो आणि त्यातले बारीक जीव व शेवाळ गाळून खातो. पाऊस उशिरापर्यंत लांबला, धरण काठोकाठ राहिले, तर काठ उथळ व्हायला वेळ लागतो आणि थवेही उशिरा येतात. साधारण नोव्हेंबर ते मार्च हा हंगाम धरतात, पण तो कॅलेंडरपेक्षा पाण्याच्या पातळीवर अधिक अवलंबून असतो. पुण्यात बसून ‘डिसेंबरचा दुसरा रविवार’ ठरवणाऱ्याला हे माहीत नसते. काठावरच्या कुंभारगावच्या नावाड्याला माहीत असते, कारण त्याची जाळीही त्याच पाण्यात असतात.

रोहित हे इथले मोठे आकर्षण, पण तेवढ्यावर परतणारा माणूस बरेच काही हुकवतो. हिमालय ओलांडून येणारे पट्टकादंब इथे उतरतात. चक्रवाक, थापट्या, शेकाट्या, मोर शराटी, नदी सुरय, माशावर झेप घेणारा कैकर, असे कितीतरी पक्षी एका सकाळी दिसू शकतात. जवळच्या भादलवाडी तलावातल्या बाभळींवर चित्रबलाकांची वीण होते. डिकसळ, कुंभारगाव, डाळज, पळसदेव या काठच्या गावांतून होड्या निघतात. प्रत्येक ठिकाणचे पाणी वेगळे आणि म्हणून पक्षीही वेगळे. आज थवा कुठे आहे, वारा कुठून आहे, उन्हाची दिशा काय, हे पाहून होडी कुठून सोडायची ते ठरवावे लागते. ते ठरवणारा माणूस नसेल तर ‘आपल्या सोयीची सहल’ म्हणजे नुसती भाड्याची होडी.

हा माणूस बहुधा मच्छीमार कुटुंबातला असतो. काही भोई समाजातले, काही धरणात जमीन गेलेल्या घरांतले. चिलापी, रोहू, कटला पकडून भिगवणच्या मासळीबाजारात न्यायचे, हा त्यांचा मूळ व्यवसाय. हौशी पक्षीनिरीक्षक पुण्याहून येऊ लागले तेव्हा यांनीच त्यांना होडीतून नेले आणि त्यांच्याकडून पक्ष्यांची इंग्रजी नावे उचलली. आज इथला तरुण दुर्बीण न लावता लांबच्या ठिपक्यावरून पक्षी ओळखतो, आणि मराठी व इंग्रजी दोन्ही नावे सांगतो. काहींनी घरातच मुक्कामाची आणि जेवणाची सोय केली आहे. चुलीवरची भाकरी, माशाचे कालवण आणि पहाटे साडेपाचला चहा. ही सगळी उभारणी गावकऱ्यांनी स्वतःच्या बळावर केली. त्यासाठी कुठले महामंडळ त्यांच्या दारात आले नव्हते.

जपानमध्ये वाटाड्याचा प्रश्न कायद्याने हाताळला गेला, म्हणून ते उदाहरण पाहण्यासारखे आहे. 1949 साली तिथे कायदा झाला की परदेशी पाहुण्याला त्याच्या भाषेत, मोबदला घेऊन, देश दाखवायचा असेल तर सरकारी परीक्षा उत्तीर्ण व्हावे लागेल. भाषेबरोबर इतिहास, भूगोल, चालू घडामोडी असे विषय. परीक्षा कठीण आणि उत्तीर्ण होणारे थोडे. पर्यटक वाढले तसे हे गाईड पुरेनात. अखेर जानेवारी 2018 पासून ही सक्ती उठली. आता परवान्याशिवायही कुणी गाईडचे काम करू शकतो, मात्र ‘सरकारमान्य’ ही पदवी परीक्षा दिलेल्यालाच लावता येते. मला ही तडजोड शहाणपणाची वाटते. दार सगळ्यांना उघडे राहिले आणि अभ्यास करणाऱ्याचा मानही राहिला.

नागासाकी, कानाझावा, बेप्पू अशा बंदरगावांत खाजगी वाटाड्याची गरज फार स्पष्ट दिसते. मोठे जहाज सकाळी लागते आणि संध्याकाळी सुटते. मधल्या आठ-नऊ तासांत मंदिर पाहायचे की बाजार, म्हाताऱ्या आईला किती चालवायचे, सगळे त्या माणसाच्या हिशेबावर असते. मराठी शाकाहारी कुटुंबाला तर तो घासाघासाला लागतो. जपानी सूपच्या मुळाशी बहुधा सुकवलेल्या बोनिटो माशाचा अर्क असतो. वाडग्यात फक्त टोफू आणि समुद्री शेवाळ दिसले तरी ते शाकाहारी असेलच असे नाही. हे सांगणारा आणि स्वयंपाकघरात जाऊन विचारून येणारा माणूस सोबत असणे, ही आपल्यापुरत्या सहलीची खरी किंमत. मिए प्रांतातल्या तोबा भागात समुद्रात बुडी मारून शिंपले काढणाऱ्या ‘आमा’ बायका आहेत. त्यांच्या झोपडीत शेगडीभोवती बसून त्यांनी भाजलेले शिंपले खायचे आणि त्यांचे बोलणे ऐकायचे, ही तिथली आवडती भेट आहे. दुभाष्या नसेल तर पाहुण्याच्या वाट्याला नुसते शिंपले येतात.

हवी तशी वळवता येणारी सहल म्हणजे पाहुणा म्हणेल ते सगळे, असा अर्थ केला की घोटाळा सुरू होतो. वेळ वळवावी, वाट वळवावी, जेवण वळवावे, वेग तर जरूर वळवावा. पण भिगवणला पाहुण्याची सगळ्यांत मोठी मागणी असते ‘अजून जवळ घ्या’. त्याच्या मागची मागणी असते थवा उडवण्याची, कारण गुलाबी पंख उडतानाच उघडतात आणि फोटो तिथेच मिळतो. होडी थव्यात घातली, टाळ्या वाजवल्या की शेकडो पक्षी एकदम उठतात. पाहुणा खूष होतो, पैसे वाढवून देतो. पाच मिनिटांनी दुसरी होडी तेच करते. लांबून उडत आलेला पक्षी इथे खायला उतरलेला असतो. परतीच्या प्रवासाची चरबी त्याला इथेच साठवायची असते. दर थोड्या वेळाने उठावे लागले तर खाणे कमी होते आणि उडण्यात शक्ती जाते. मग थवा जागाच सोडतो.

नावाड्याला हे कळत नाही असे नाही. त्याला पाहुण्यापेक्षा जास्त कळते. पण एकट्याने ‘नाही’ म्हटले तर गिऱ्हाईक शेजारच्या होडीत बसते, ही त्याची अडचण आहे. नाही म्हणण्याची ताकद त्याला सगळ्यांनी मिळून केलेल्या नियमातून येईल, आणि असा नियम आधी कुणीतरी करून दाखवलेला आहे.

ओडिशात चिलिका सरोवराच्या उत्तर काठावर मंगलाजोडी गाव आहे. एके काळी तिथे पाणपक्ष्यांची बेसुमार शिकार होत असे. 2000 च्या सुमारास शिकाऱ्यांनीच पक्षी संरक्षण समिती काढली, बंदुका टाकल्या आणि वल्ही हातात घेतली. तिथे मोटारीची होडी पक्ष्यांत नेत नाहीत, लांब बांबूने ढकलत नेतात. गावच्या पर्यटन ट्रस्टला 2018 मध्ये संयुक्त राष्ट्रांच्या जागतिक पर्यटन संघटनेचा पुरस्कार मिळाला. भरतपूरच्या केवलादेव उद्यानात सायकल रिक्षा चालवणाऱ्यांना पक्षी ओळखायला शिकवले गेले. आज तिथे रिक्षावालाच वाटाड्या आहे आणि त्याचा दर सगळ्यांना आधीच माहीत असतो, घासाघीस नाही. महाराष्ट्रातही नमुने आहेत. वेंगुर्ल्याजवळ मांडवी खाडीत स्वामिनी बचत गटाच्या बायका 2017 पासून होडीतून कांदळवन दाखवतात. ऐरोलीहून ठाणे खाडीतले रोहित दाखवायला कांदळवन प्रतिष्ठानच्या बोटी सुटतात. वेळासला कासवांच्या निमित्ताने गावातल्या घरांत पाहुणे राहू लागले, त्यालाही आता बरीच वर्षे झाली. या सगळ्यांत एक गोष्ट समान आहे. कुणी एक संस्था स्थानिकांच्या पाठीशी उभी राहिली आणि नियम गावाने पाळले.

उजनीला अभयारण्याचा दर्जा नाही. पाणी जलसंपदा खात्याचे, मासेमारी दुसऱ्या खात्याकडे, पक्षी वनखात्याचे, जिल्हेही एकाहून अधिक. त्यातून उथळ काठावर गाळपेर शेती आणि रात्री चोरटा वाळूउपसा. प्रशासन अधूनमधून वाळूच्या बोटी स्फोटकांनी उडवते, तरी उपसा पुन्हा सुरू होतो. पुणे-पिंपरीचे सांडपाणी मुळा-मुठेतून भीमेत आणि भीमेतून इथेच येते. उन्हाळ्यात पाण्यावर हिरवा तवंग दिसतो. पाहुण्याला होडीत नाकाला रुमाल लावावा लागला तर त्याला वाटाड्याने काय सांगायचे? जलपर्यटनाच्या आराखड्यांत जेटी, रिसॉर्ट, बोटी यांची चित्रे असतात. येणारे पाणी आधी स्वच्छ करण्याचे काम त्या चित्रांत बसत नाही, पण पहिले काम तेच आहे.

दुसरे काम जिवाचे. 21 मे 2024 रोजी करमाळा तालुक्यातल्या कुगावहून इंदापूर तालुक्यातल्या कळाशीकडे येणारी प्रवासी होडी वादळी वाऱ्यात उलटली आणि सहा जण बुडाले. ती पर्यटकांची होडी नव्हती, रोजच्या ये-जा करणाऱ्यांची होती. पण पाणी तेच आणि होड्याही त्याच प्रकारच्या. जपानच्या शिरेतोको द्वीपकल्पाजवळ 23 एप्रिल 2022 रोजी काझू वन ही पर्यटन बोट बुडाली. तिच्यावर 26 जण होते, एकही वाचला नाही. हवामान बिघडणार असे इशारे असताना बोट सोडली गेली होती. त्यानंतर जपानने लहान पर्यटन बोटींचे नियम कडक केले. सुव्यवस्थेबद्दल नावाजलेल्या देशातही एक चुकीचा ‘निघू या’ 26 जीव घेऊन गेला. भिगवणच्या काठावर प्रत्येक माणसाला लाइफ जॅकेट असायलाच हवे, लहान मुलांच्या मापाचेसुद्धा. आणि वारा वाढला की ‘आज होडी नाही’ म्हणण्याचा अधिकार नावाड्याचा असावा, तो पैशाने विकत घेता येऊ नये.

याच शिरेतोकोच्या दुसऱ्या बाजूला राउसू हे मच्छीमारांचे गाव आहे. हिवाळ्यात समुद्रावर बर्फाचे तुकडे वाहत येतात आणि त्यांवर मोठे समुद्रगरुड बसतात. ते पाहायला जगभरातून छायाचित्रकार येतात आणि पहाटेच्या बोटींनी निघतात. आपल्या कुंभारगावचे हे थंडीतले भावंडच. दक्षिणेकडे कागोशिमा प्रांतात इझुमी आहे. तिथे हिवाळ्यात दहा हजारांहून अधिक करकोचे उतरतात. 2021 मध्ये त्या जागेला रामसर दर्जा मिळाला. मला इझुमीची सगळ्यांत आवडणारी गोष्ट म्हणजे तिथल्या शाळकरी मुलांचे करकोचा मंडळ. मुले पहाटे थंडीत उभी राहून पक्षी मोजतात आणि ही परंपरा कित्येक दशकांची आहे. भिगवण परिसरातल्या शाळांनी हंगामात महिन्यातून एकदा रोहित मोजायला सुरुवात केली तर दहा वर्षांत उजनीकडे स्वतःची नोंदवही असेल, आणि त्यातूनच पुढचे वाटाडे तयार होतील. याला निधी लागत नाही, एक शिक्षक लागतो.

आता पाण्यापासून थोडे दूर. सकाळी पक्षी पाहून झाले की पाहुण्याचा उरलेला दिवस कुठे घालवायचा, यात हा भाग फार श्रीमंत आहे, पण कुणी ते एका धाग्यात गुंफलेले नाही. सुप्याजवळचे मयूरेश्वर अभयारण्य अवघे पाच चौरस किलोमीटरचे. 1997 साली ते चिंकारासाठी जाहीर झाले. इंदापूर तालुक्यातली कडबनवाडी आणि बारामती तालुक्यातले शिर्सुफळ इथे वनविभागाने गवताळ प्रदेशाची सफारी सुरू केली आहे. लांडगा, खोकड, तरस, चिंकारा, हिवाळ्यात भोवत्यासारखे शिकारी पक्षी. माळरान म्हणजे पडीक जमीन, असे समजून आपण ते कायम कारखान्यांना आणि प्लॉटना देऊन टाकले. त्याच माळावर आता तिकीट काढून लोक येतात, ही मला गेल्या काही वर्षांतली या भागातली सगळ्यांत चांगली बातमी वाटते.

कृषी पर्यटनाशी तर या भागाचे जुने नाते आहे. पांडुरंग तावरे यांनी 2005 मध्ये बारामती तालुक्यात कृषी पर्यटनाचा प्रयोग उभा केला, आणि 2020 मध्ये राज्याचे कृषी पर्यटन धोरण आले. बारामतीचे कृषी विज्ञान केंद्र आणि जानेवारीतले ‘कृषिक’ प्रदर्शन शेतकऱ्यांसाठी आहे, पण परदेशी पाहुण्यालाही ते पाहण्यासारखे आहे. मोरगावचा मयूरेश्वर, नीरा-भीमेच्या संगमावरचे नरसिंहपूर, इंदापुरात मालोजीराजांची गढी, बारामतीत कऱ्हाकाठी मोरोपंतांचे वास्तव्य. आषाढात तुकोबांची पालखी बारामती-इंदापूरच्या वाटेने जाते आणि बेलवडीत रिंगण होते. एवढे सगळे याच भागात असताना एका दिवसात कुणाला काय आणि किती दाखवायचे, हे सांगणारा माणूस मात्र एजन्सीच्या यादीत सापडत नाही.

पैशाचीही बाजू बघू. काठावर आज दर बहुधा बोलून ठरतो. गर्दीच्या रविवारी एक, मधल्या वारी दुसरा. पाहुण्याला वाटते आपण फसलो, नावाड्याला वाटते आपल्याला पाडून मागितले. हंगाम चार-पाच महिन्यांचा. उरलेले महिने मासळी आणि मजुरी. मधला एजंट असेल तर पुण्यात घेतलेल्या रकमेतला किती भाग होडीपर्यंत पोहोचतो, हे विचारण्याची सवय आपल्याला नाही. दरफलक लागला, होडीचा दर आणि गाईडचा दर वेगळा लिहिला, तर बरेच भांडण मिटेल. गाईडचा दर वेगळा लिहिल्यावर लोकांना कळते की ज्ञानालाही मोल असते. माळरानाची सफारी, शेतघर आणि होडी यांची एकत्र नोंद झाली तर त्याच तरुणाला पावसाळ्यातही काम मिळेल, कारण माळ पावसानंतर हिरवा असतो तेव्हाही पाहण्यासारखा असतो.

एमआयडीसीतल्या कारखान्यांना यात सहज करता येण्यासारखे आहे. त्यांचे पाहुणे दरवर्षी येतात. कुंभारगावच्या दहा-बारा तरुणांना इंग्रजी संभाषण, प्रथमोपचार आणि पाण्यातला बचाव यांचे शिक्षण द्यायला आणि चांगली लाइफ जॅकेटे घेऊन द्यायला फार खर्च येत नाही. सामाजिक जबाबदारीचा निधी इमारतीच्या कोनशिलेवर नाव लागावे म्हणून खर्च होतो, त्यातला थोडा इकडे वळावा.

आणि तुम्ही यंदा भिगवणला येणार असाल, तर आधी फोन करून पाण्याची पातळी विचारा आणि मगच तारीख ठरवा. सूर्योदयापूर्वी काठावर या. होडीत पाय ठेवण्याआधी लाइफ जॅकेट मागा. होडीचे आणि गाईडचे पैसे वेगळे विचारा आणि थेट त्याच्या हातात द्या. तो म्हणेल तिथे थांबा. थवा उडवायला सांगू नका, आणि शेजारच्या होडीतले कुणी तसे सांगत असेल तर त्यांनाही थांबवा.